हनुवटी नसलेली बाई

रुचिताने तिसऱ्यांदा हनुवटी लावली, तेव्हा योगिनी मॅडम खुर्चीवरून उठल्याच.

"ताई, परत?"

रुचिताने पाहिलं. खरंच की. बाईच्या खालच्या ओठाखाली सुपारीएवढा लगदा कधी चिकटवला, अंगठ्याने त्याला गोलाई कधी दिली, तिचं तिलाच कळलं नव्हतं. हाताने आपलं काम परस्पर उरकून टाकलं होतं.

"सवय हो मॅडम. बाईचा चेहरा म्हटला की हात गौरीकडे वळतो."

"गौरीला असू दे हनुवटी. हिला नको. निअँडरथलला नसतेच. जबडा खाली उतरतो तो थेट मागे जातो. हे बघा." मॅडमनी मोबाइलवर कवटीचा फोटो मोठा करून दाखवला.

"पण हनुवटी काढली की तोंड गळून पडतं हो खाली. मग चेहऱ्यावर भाव कुठे ठेवायचा?"

"ते तुमचं तुम्ही बघा. मी जीवशास्त्र शिकवते, भाव नाही."

दोघी हसल्या. हसू पत्र्याला लागून परत आलं तशी रुचिता जराशी दचकली. त्या शेडमध्ये कुणी हसून बरेच महिने झाले होते.

ठाकुर्लीच्या जुन्या वस्तीतली ती शेड देवराम मूर्तिकाराची. गणपती सगळेच करतात, पण देवरामची ओळख गौरीच्या मुखवट्यांची. घरात कुठेही जा, गौर आपल्याकडेच बघतेय असं वाटतं, अशी त्याची ख्याती. डोंबिवली-कल्याणातल्या कितीतरी सासुरवाशिणींनी माहेरचं गाऱ्हाणं त्या डोळ्यांपुढे मांडलं असेल. देवरामला अर्धांगवायू झाला, उजवा हात लाकडासारखा लोंबू लागला, तेव्हापासून शेवटपर्यंत त्याला घास भरवला तो त्याच्या मुलीने, रुचिताने. तो स्टुलावर बसून "बुबुळ वर घे, अजून वर" असं वाकड्या तोंडाने सांगायचा आणि ती ओढायची. गेल्या आषाढात, ऐन हंगामात तो गेला. तेराव्याला उसंत नव्हती. रुचिताने उरलेल्या मूर्ती एकटीने पुऱ्या केल्या. हाताखालची दोघं मानपाड्याच्या पलीकडे एका मोठ्या पीओपीच्या कारखान्यात निघून गेली. लग्नाचं वय बापाच्या उशाशीच सरलं होतं. दिवाळीनंतर तर असेही दिवस गेले, की सकाळी दूधवाल्याला "अर्धा लिटर" आणि संध्याकाळी रिक्षावाल्याला "इथेच थांबवा" एवढं बोलून दिवस मावळायचा. तेवढ्यासाठीसुद्धा घसा आधी खाकरावा लागायचा.

आणि मनात एक सल होता. भाद्रपदात एक बाई मुखवटा घ्यायला आली होती. तो मुखवटा पहिल्या लगद्यापासून शेवटच्या पापणीपर्यंत रुचिताचा. बाईने तो उजेडात धरला आणि गहिवरून म्हणाली, "डोळे बघ गं, देवरामचेच. गेला तरी हात मागे ठेवून गेला." रुचिताला आधी बरं वाटलं. मग रात्रभर ते वाक्य दातात अडकलेल्या धाग्यासारखं सलत राहिलं. अडतीस वर्षांची झाली ती, हजारो डोळे ओढले, आणि त्यातला एकही तिचा नव्हता.

म्हणून मानपाडा रस्त्यावरच्या शाळेतून 'मानवाची गोष्ट' या नव्या दालनासाठी काम आलं तेव्हा ती एका पायावर तयार झाली. भिंतीवर चित्रं, तक्ते, आणि मधोमध एक पुरी मूर्ती: निअँडरथल बाई, बसून कातडं खरवडणारी. बाबांनी हे कधी केलं नव्हतं. त्यांचा हात इथे पोचणारच नव्हता. इथे जे डोळे उमटतील ते माझे, असं तिने मनाशी पक्कं धरलं.

बाईच का, असं तिने विचारलंही होतं. "कारण प्रत्येक पुस्तकात सोटा घेतलेला बुवाच असतो," योगिनी मॅडम म्हणाल्या होत्या. "आमच्या मुलांना वाटतं त्यांच्यात बायकाच नव्हत्या, म्हणून ते संपले."

दर शनिवारी शाळा सुटली की मॅडम यायच्या. हनुवटी गेली. कपाळ मागे उतरलं. भुवयांच्या जागी हाडाची जाड कड आली, पागोळ्या अडवणाऱ्या वळचणीसारखी. नाक मोठं, रुंद, सगळा चेहराच नाकापासून पुढे ओढल्यासारखा. डोकं मागे लांब, अंबाडा घातल्यागत फुगीर.

"म्हणजे मेंदू कमी?" रुचिताने विचारलं.

"छे! आपल्याएवढाच. काहींचा कणभर जास्तच."

छातीचा पिंजरा पिंपासारखा. हात-पाय आखूड, त्यातही कोपरापुढचा हात आणि गुडघ्याखालचा पाय जास्तच आखूड. थंडीत ऊब अंगात राहावी म्हणून. रुचिताने लोखंडी सळीचा सांगाडा दोनदा कापून परत जोडला. कागदाचा लगदा, डिंक, खडूची पूड. थर वाळायला चार चार दिवस लागले. हळूहळू एक ठेंगणी, दणकट बाई शेडमध्ये बसती झाली. रुचिता जेवायला बसायची तीही तिच्याच समोर.

"बोलायच्या का हो या?"

"बोलत असाव्यात. काय बोलत असतील ते मात्र विचारू नका. आग पेटवायच्या, मेलेल्याला पुरायच्या, निदान कधी कधी तरी. आणि एक म्हातारा सापडलाय इराकमधल्या गुहेत. उजवा हात वाळलेला, एका डोळ्याने अधू, पाय लंगडा. तरी कितीतरी वर्षं जगला. शिकार करणं त्याच्याच्याने शक्य नव्हतं."

"मग?"

"मग काय. कुणीतरी सांभाळलं."

रुचिता लगदा मळत राहिली. मग म्हणाली, "एवढं सगळं येत होतं, तर गेले कसे? आपल्या लोकांनी मारलं?"

"एकच कारण असतं तर परीक्षेला किती बरं झालं असतं," मॅडम हसल्या. "मारामाऱ्या झाल्या असतील कुठे कुठे, पण तेवढ्याने नाही. थंडी येई-जाई, जनावरं हलत. आणि मुळात हे थोडे. दहा-वीस माणसांची टोळी, आणि पुढची टोळी लांब कुठे तरी. आपले पूर्वज आले ते जास्त होते, आणि त्यांचं एकमेकांकडे येणं-जाणं होतं. एका वस्तीत वाईट वर्ष आलं तर दुसरीत आसरा. यांचं तसं कमी. फ्रान्समध्ये एक सापडलाय, त्याची वस्ती म्हणे हजारो पिढ्या शेजारच्या वस्तीत मिसळलीच नव्हती. शेजार म्हणजे दहा दिवसांची चाल."

"दहा दिवस म्हणजे काही फार नाही."

"नाहीच ना. पण गेले नाहीत खरं. मग आपल्याआपल्यातच मुलं, ती अशक्त. इतक्या थोड्या माणसांत चार आयांची चार मुलं कमी जगली तरी फरक पडतो. एका दिवसात कुणी संपत नाही, ताई. माणसं कमी पडत जातात." मग त्यांनी पर्स उचलली. "काही आपल्यात मिसळले हं. आफ्रिकेबाहेरच्या सगळ्यांत दीड-दोन टक्के तरी आहेत ते. तुमच्यात, माझ्यात, आमच्या मुख्याध्यापकांत."

"त्यांच्यात जरा जास्त असतील."

"सांगू का त्यांना?" म्हणत मॅडम हसत हसत गेल्या. शेडचं दार लागलं आणि दुपार पुन्हा तेवढीच मोठी झाली.

आखणीला रुचिताने मंगळवार धरला. आखणी म्हणजे डोळे काढणं; मूर्तिकामातलं शेवटचं आणि सगळ्यात नाजूक काम. त्याची एक रीत होती. मूर्तीसमोर पाट टाकून, तिच्या चेहऱ्याच्या खाली बसायचं. भक्त बसतो तसं. बुबुळ वरच्या पापणीला टेकवायचं आणि नजर आपल्या हातांवर येईल अशी उतरवायची. देव भक्ताच्या जोडल्या हातांकडे बघतो, असं देवराम म्हणायचा. रुचिता पाटावर बसली, श्वास रोखला आणि एका दमात दोन्ही डोळे ओढले. उठून लांब गेली. बाईचं जाड कपाळ, पसरट नाक, नसलेली हनुवटी, सगळं त्या डोळ्यांनी कसं उजळून निघालं होतं. झालं, तिला वाटलं. आले माझे.

मूर्ती शाळेत न्यायच्या दिवशी योगिनी मॅडमनी ती बघितली. "फार सुंदर झालीय," म्हणाल्या. आणखी काही म्हणायचं होतं, पण टेम्पोवाला हॉर्न मारत होता.

दालनाचं उद्घाटन सोमवारी व्हायचं होतं. त्याआधीच, शुक्रवारी, मुख्याध्यापक महेंद्र सरांचा फोन आला. "ताबडतोब या."

रुचिता पोचली तर दालनाच्या दाराशी सर, योगिनी मॅडम आणि केर काढणाऱ्या शेवंती मावशी अशी तिघं उभी. आत बाई बसली होती. मागे उतरलेल्या कपाळावर हळदकुंकू. दगडाचं हत्यार धरलेल्या हातात चार हिरव्या बांगड्या. डोक्याच्या त्या फुगीर भागावर अबोलीची वेणी, आणि पुढ्यात वहीच्या कागदावर साखर.

"हे विज्ञान दालन आहे!" सर म्हणाले. "दहावी 'ब'चा अख्खा वर्ग भूमितीच्या चाचणीआधी पाया पडून गेला."

"ब तुकडीचं काय एवढं," मॅडम पुटपुटल्या.

"अ तुकडी सकाळीच पडून गेली होती!"

शेवंती मावशी मानपाडा गावच्या. त्या पदर खोचून पुढे झाल्या. "कुंकू मी लावला, सर. खोटा कशाला बोलू? इकडून झाडू मारला तरी बगते, तिकडून मारला तरी बगते. मना वाटलं, एवढी बगतेय तर आपून नुसतं पुढ्यात झाडू फिरवत ऱ्हायचा? हात आपसूक जोडले."

"आणि बांगड्या?"

"बायमानसाचा हात मोकळा बरा दिसतो का?"

सरांनी कपाळाला हात लावला. "सोमवारी ठाण्याहून पाहुणे येतायत. आयुष्य घातलंय त्यांनी या विषयात. त्यांच्यासमोर निअँडरथलची ओटी भरायची का आपण? मी पहिल्यापासून सांगत होतो, अंगभर केस लावा."

"सर, केस लावले तर शनिवारी तेल वाहतील," मॅडम म्हणाल्या.

रुचिताला कुणाचंच नीट ऐकू येत नव्हतं. ती बाईकडे बघत होती. डावीकडे सरकली, बाईने बघितलं. उजवीकडे सरकली, बाईने बघितलं. बुबुळ पापणीला टेकलेलं, नजर हातांवर उतरलेली. हे तर बाबा. चाळीस हजार वर्षं मागे जाऊन, हनुवटी काढून, हाडंन्‌हाडं बदलूनही शेवटी बाबांचेच डोळे.

"डोळे बदला," सर म्हणाले. आवाज आता खाली आला होता. "चेहरा वाईट नाही म्हणत मी. पण ही देवी झालीय. रविवारपर्यंत जमत असेल तर करा, नाही तर मूर्ती स्टेजमागच्या खोलीत जाईल आणि तिच्या जागी मी तक्ता लावीन."

फाटकापर्यंत योगिनी मॅडम सोबत आल्या. रुचिताने विचारलं, "मॅडम, गौर आपल्याकडे बघते, ते मला येतं. ही कुणाकडे बघेल?"

मॅडम थांबल्या. "मला नाही सांगता येणार. पण सैबेरियातली एक गुहा आहे. तिथल्या हाडांवरून नाती कळली. एक बाप आणि त्याची वयात आलेली मुलगी. एकाच गुहेत. त्यांच्यात बहुतेक बायका दुसऱ्या टोळीत जायच्या म्हणे, लग्न म्हणा हवं तर. ही कुठे गेली नव्हती."

"बापाजवळच राहिली."

"हो. निदान हाडं तरी तिथेच सापडली."

"आधी कोण गेलं, बाप का मुलगी?"

"ते नाही कळत, ताई."

रविवारी दुपारी शेवंती मावशींनी दालनाचं कुलूप काढलं आणि मेथीची जुडी घेऊन दाराशी फतकल मारली. "तुजा व्हईपरत बसते मी. कुलपाची जबाबदारी माझी हाय." बांगड्या त्यांनीच उतरवल्या, वेणी काढली, ओल्या फडक्याने कुंकू पुसलं. पुसताना बाईला हळूच काहीतरी म्हणाल्या.

रुचिताने दोन्ही डोळ्यांवर पांढरा रंग चढवला. कोऱ्या डोळ्यांची बाई समोर बसून राहिली. रंग वाळला तशी रुचिता पाटावर बसली, कुंचला टेकवला आणि हात चालू लागला. अर्ध्यावरच तिला कळलं. पुसलं. पुन्हा पांढरा, पुन्हा वाळू देणं. दुसऱ्यांदा तिने बुबुळ मुद्दाम खाली घेतलं. बाई रडकी दिसू लागली, आणि तरीही बघत होती ती रुचिताकडेच. तिसऱ्यांदा डावा डोळा वेगळा आला आणि उजवा बाबांचा. रुचिताने कुंचला वाटीत टाकला. 

"दम खा जरा," मावशी दारातून म्हणाल्या. "देवाला तरी एका दिसात जमला असल का?"

"हात ऐकत नाही, मावशी."

"कोनाचं ऐकतो मग?"

रुचिताने वाटीतला कुंचला उचलून पुसला. पाटावर बसल्याबसल्या तिच्या ध्यानात आलं, की आपण जिथे बसलोय तिथेच खोट आहे. या जागेवरून ओढलेला कुठलाही डोळा इथे बसलेल्या माणसाकडेच बघणार. बाबांनी सगळा जन्म इथून ओढला. समोर कुणीतरी आहे, हे धरूनच.

ती उठली. मूर्तीच्या बाजूला गेली आणि तिच्या खांद्याला खांदा लावून फरशीवर बसली, मूर्ती बसली होती तशीच, गुडघे उभे करून. खांदा थंड लागला, खरबरीत. समोर आता कुणी नव्हतं. दालनाची लांब फरशी, टोकाला एक उघडी खिडकी, खिडकीत नव्या टॉवरांच्या रांगा. इतक्या लांबून कुठल्याच खिडकीत माणूस दिसत नव्हता. एखादा पडदा तेवढा हलायचा. रुचिता बघत राहिली. आधी नुसतीच. मग एकेक खिडकी धरून. कुणी ओळखीचं दिसेल असं नव्हे. ओळखीचं तिकडे कुणी नव्हतंच. कुणीही चाललं असतं. हात हलवला नसता तरी चाललं असतं. बाबा गेल्यापासून ती संध्याकाळी शेडच्या दारात उभी राहायची ती अशीच, हे तिला आत्ता कळलं. आजवर तिला वाटत होतं, आपण हवा खायला उभ्या राहतो.

किती वेळ गेला कोण जाणे. मावशींची अर्धी जुडी निवडून झाली होती.

मग ती उठली, पाट बाजूला सारला आणि मूर्तीच्या कडेलाच उभी राहून, वाकून, पहिल्यांदा डावा आणि मग उजवा डोळा ओढला. बुबुळ पापणीला टेकलं नाही. पापण्यांच्या कडांना उन्हात डोळे बारीक करावेत तशी किंचित चुणी आली, ती तिने मुद्दाम काढली नव्हती, पण पुसलीही नाही.  कुणी "अजून वर" म्हणालं नाही. तो आवाज आला नाही हे जाणवलं, तशी तिने मागे वळून पाहिलं.

लांब जाऊन तिने पाहिलं. डावीकडे सरकली, उजवीकडे सरकली. बाई तिच्याकडे बघत नव्हती. कुठूनच नाही. शेडमध्ये भिंतभर मुखवटे टांगलेले असायचे. इतकी वर्षं त्यांच्या नजरेत वावरल्यामुळे एकटं वाटण्याची वेळच आली नव्हती. आणि आज आयुष्यात पहिल्यांदा तिने स्वतःचे डोळे काढले, तर ते तिच्यावरून पलीकडे निघून गेले होते. ती भिंतीला टेकून उभी राहिली. रडू आलं नाही. आनंद झाला होता, तोही सांगायला कुणी नसल्यासारखा आतल्या आत घुटमळत होता.

"झाला का गो?" मावशी पदर झटकत आत आल्या. बाईसमोर उभ्या राहिल्या. सवयीने हात वर आले ते छातीशी पोचायच्या आधीच थांबले. त्यांनी बाईच्या डोळ्यांत पाहिलं, भुवया गोळा केल्या, आणि मग मान मागे वळवली. खिडकीपर्यंत चालत गेल्या. गजांना धरून बाहेर बराच वेळ बघितलं.

"काय बगते ही? तिकडं तर कोन नाय."

"ते तिला कुठे माहितेय, मावशी," रुचिता म्हणाली.

मावशींनी मेथीच्या काड्या कागदात गुंडाळल्या, कुलूप हातात घेतलं आणि खिडकीच्या कडीकडे बोट केलं. "लावू काय?"

"रंग ओला आहे अजून. राहू द्या थोडा वेळ," म्हणत रुचिता परत मूर्तीच्या खांद्याशी जाऊन बसली.

मग कुलूप हातात तसंच धरून शेवंती मावशी मूर्तीच्या पलीकडच्या अंगाला येऊन फरशीवर बसल्या, आणि रंग वाळेपर्यंत तिघी त्याच बाजूला बघत राहिल्या.